पहिला तांब्या

आमच्या जुना जालन्यातल्या वाड्यात तुळशीचं लग्न दिवेलागणीनंतर लागायचं. अंतरपाटाला आजोबांचं उपरणं, नवरदेव म्हणून देव्हाऱ्यातला रांगता बाळकृष्ण, आणि नवरीच्या मामाच्या जागी वृंदावनाला टेकवून उभा केलेला ऊस. भटजी मिळाले नाहीत तर शेजारचे पोस्टातून निवृत्त झालेले काका मंगलाष्टकं म्हणत. त्यांना दोनच पाठ होती, म्हणून तीच आलटून पालटून. आम्हां पोरांचं अर्धं लक्ष आवळे-बोरं-चिंचांच्या ताटाकडे. शेवटचं ‘सावधान’ झालं की टाळ्या, लवंगी माळ, आणि त्या गलबल्यात आजीचं दरवर्षीचं वाक्य : “ह्याच शब्दाला आपला नारायण पळाला बघ.”

आपला, कारण जांब आमच्याच जिल्ह्यातलं. घनसावंगी तालुक्यातलं हे गाव आता जांब समर्थ म्हणून ओळखलं जातं. १६०८ साली रामनवमीला सूर्याजीपंत ठोसरांच्या घरी, राणूबाईंच्या पोटी नारायण जन्मला. बाराव्या वर्षी त्याला आसनगावला बोहल्यावर उभं केलं, मंगलाष्टकांतला ‘सावधान’ कानावर पडला, आणि पोरगं जे निघालं ते नाशिकजवळच्या टाकळीला जाऊन थांबलं. बारा वर्षं तिथं तप केलं. पुढं त्याचं नाव रामदास झालं. रामनवमीला आजही जांबेत माणसांचा पूर येतो.

घर असं सोडणाऱ्याला मराठीत आपण म्हणतो, ‘घरावर तुळशीपत्र ठेवलं’. वाक्प्रचार दानाच्या विधीतून आला आहे. द्यायच्या वस्तूवर तुळशीचं पान ठेवून हातावरून पाणी सोडलं की तिच्यावरचा आपला हक्क संपला. गंमत अशी की ज्या पानानं घर सुटतं, तेच पान घराच्या मधोमध, अंगणात, ओट्यावर लावलेलं असतं. संसार आणि संन्यास या दोघांनाही हेच एक झाड चालतं. लग्नातून पळालेल्याच्या संप्रदायातही ते आहे आणि दरवर्षी लग्न लावून घेणाऱ्यांच्या अंगणातही. या लेखात मला त्या झाडाच्या ओट्याबद्दल, म्हणजे वृंदावनाबद्दल सांगायचं आहे.

मूर्ती बसवायची तर प्राणप्रतिष्ठा करावी लागते. तुळशीची कुणी प्राणप्रतिष्ठा केल्याचं ऐकलं आहे? तिच्यात प्राण आधीचाच असतो. देव्हाऱ्यातल्या देवांची चार दिवस पूजा झाली नाही, तर घरातल्या मोठ्यांना चुटपुट लागते, देवांना काही होत नाही. कुलूपबंद घरात ते सहा महिने तसेच बसून राहतात. तुळस चैत्रात चार दिवस वाट बघते आणि पाचव्या दिवशी मान टाकते. आपल्याकडच्या सगळ्या पूजास्थानांत पुजाऱ्याच्या हलगर्जीपणानं मरू शकणारं हे एकच.

पुराणकथाही मरणाचीच आहे. जालंधर नावाच्या दैत्याची बायको वृंदा. तिच्या पातिव्रत्यामुळे नवरा अवध्य. विष्णूनं जालंधराचं रूप घेऊन तिला फसवलं, तिकडे शंकरानं जालंधराला मारलं. खरं कळल्यावर वृंदेनं विष्णूला दगड होण्याचा शाप दिला आणि स्वतः अग्निप्रवेश केला. तिच्या राखेतून तुळस उगवली, शापानं विष्णूचा शाळिग्राम झाला. (आमच्या गल्लीतले एक गृहस्थ जालंधरावरून जालना झालं असं ठासून सांगत. गॅझेटियरवाले मात्र ते नाव एका जुलाह्याशी, म्हणजे मुसलमान विणकर-व्यापाऱ्याशी जोडतात. मला तेच आवडतं.) हा शाळिग्राम नेपाळातल्या गंडकीत सापडतो. काळ्या गोट्यात गुंडाळलेलं ते चक्र म्हणजे ज्युरासिक काळातल्या समुद्रातल्या शंखप्राण्याचा जीवाश्म, सुमारे पंधरा कोटी वर्षांपूर्वीचा. नवरदेव पंधरा कोटी वर्षांचा आणि नवरी फार तर दीड-दोन वर्षांची. त्यातही फसवणारा वर आणि फसवली गेलेली वधू! आपण मोठ्या थाटानं लावून देतो हे लग्न. आजीला हे विचारलं तेव्हा ती म्हणाली होती, “म्हणून तर लावायचं. त्याला दरवर्षी उभं करायचं तिच्यापुढं.”

आता मठांकडे वळू. संन्याशाला दहन नाही. घर सोडताना त्यानं अग्नीही सोडलेला असतो, म्हणून देह मातीत ठेवायचा. त्या जागेवर दगडी चौथरा, चौथऱ्यावर तुळस. अशा समाधीलाही वृंदावनच म्हणतात. सज्जनगडावर समर्थ रामदासांनी शके १६०३च्या माघ वद्य नवमीला देह ठेवला. त्यांची समाधी राममंदिराखालच्या तळघरात आहे, तिथं बहुतेक सगळे जातात. पण त्याच गडावर वेणाबाई आणि अक्काबाई या शिष्यांचीही वृंदावनं आहेत. त्यांच्यापुढून माणसं पाचेक सेकंदांत पुढं सरकतात. मी गेलो तेव्हा मीही तसाच सरकलो होतो. नंतर वेणाबाईंबद्दल वाचलं आणि परत जावंसं वाटलं.

वेणाबाई बालविधवा. सतराव्या शतकातल्या बालविधवेच्या वाट्याला काय येत होतं ते सांगायला नको. समर्थांनी तिला अनुग्रह दिला, कीर्तनाला उभं केलं, मिरजेच्या मठाची जबाबदारी दिली. अक्काबाईंनी समर्थांच्या मागं चाफळ-सज्जनगडाचा कारभार वर्षानुवर्षं सांभाळला. हळदीकुंकवाच्या ताटापाशीही जिला कुणी बोलवलं नसतं, तिच्या नावानं गडावर वृंदावन उभं राहिलं, आणि येणारे-जाणारे त्याला हात जोडतात.

मराठवाड्यातल्या जुन्या घरांतून तुळशीचं रोजचं पाणी बहुतेक कुणाच्या हातचं असायचं हे आठवून बघा. लाल आलवणातली एखादी आत्या, एखादी चुलत आजी. लग्नाच्या अक्षता टाकायला ती मागच्या रांगेत, पण पहाटे वृंदावनापाशी तिचाच मान. तिथं तिला कुणी अडवलं नाही. वृंदा स्वतःच विधवा. तिच्या दारी विधवेला मज्जाव कोण करणार? माझ्या आजोबांची एक आत्या अशीच होती. तिचा एकही फोटो घरात नाही. वृंदावनाच्या पूर्वेकडच्या बाजूला जोत्याचा दगड थोडा खोलगट झाला होता, आणि तो तिच्या बसण्यानं झाला असं घरात सांगत. दगड असा झिजत नसतो हे मला कळतं. तरी मी ते कधी खोडून काढलं नाही.

वृंदावनाची ही रीत समर्थ संप्रदायापुरती नाही. माध्व परंपरेत तर तिच्याशिवाय पान हलत नाही. राघवेंद्र स्वामींनी १६७१ साली तुंगभद्रेकाठच्या मंत्रालयात जिवंतपणी वृंदावनात प्रवेश केला, अशी भक्तांची श्रद्धा आहे. हंपीजवळ आनेगुंदीला तुंगभद्रेच्या पात्रातल्या एका बेटावर नऊ यतींची वृंदावनं आहेत, म्हणून ते नववृंदावन. आपल्याकडच्या माध्व देशस्थांच्या घरी “वृंदावनाला जाऊन आलो” म्हटलं की उत्तर प्रदेशातलं वृंदावन डोळ्यांपुढं येत नाही, गुरूचं येतं.

सगळ्याच संन्यासमार्गांना मात्र झाड लागतं असं नाही, आणि त्याचं उदाहरणही जालना जिल्ह्यातच आहे. भोकरदन तालुक्यात, अजिंठ्याच्या डोंगराकडेला, महानुभावांचं जाळीचा देव हे ठिकाण. जाळी म्हणजे झुडपांची दाटी. चक्रधर स्वामी इथल्या जाळीत वाघाच्या बछड्यांशी खेळले, अशी आठवण पंथात सांगतात. स्वामी जिथं बसले, थांबले, निजले, त्या स्थानांना महानुभाव नमस्कार करतात. ओटा आहे, पण ओट्यावर झाड नाही. इतर देवतांची उपासना पंथानं नाकारली, तिथं तुळशीचं लग्न कुठून येणार? पण नाव बघा. मूर्तीचं नाही, राजाचं नाही, डोंगराचंही नाही. झुडपांचं नाव त्या देवाला चिकटलं आणि आठशे वर्षं चिकटून राहिलं.

भोकरदनचंच आणखी एक सांगायचं म्हणजे आपल्याला तुळशीच्याही मागं जावं लागेल. भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन. सातवाहनांच्या काळात पैठणाहून उत्तरेकडे जाणाऱ्या व्यापारी मार्गावरचं हे भरभराटीचं गाव. १९७३ साली नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांनी मिळून इथं उत्खनन केलं तेव्हा हस्तिदंती कामाचे नमुने निघाले. त्यांतल्या एका स्त्रीमूर्तीची ठेवण इटलीतल्या पाँपेईत सापडलेल्या प्रसिद्ध हस्तिदंती बाईच्या जवळची आहे. आपल्या विषयाला लागू होणारी गोष्ट मात्र सांचीला आहे. सांचीच्या स्तूपावर दान देणाऱ्यांची नावं कोरली आहेत आणि त्यांत भोगवढनाहून आलेल्यांचीही आहेत. इथल्या कुणा श्रद्धावंतांनी दोन हजारांहून जास्त वर्षांपूर्वी तिकडच्या दगडांसाठी पैसे दिले.

त्या सांचीच्या तोरणांवर बुद्ध माणसाच्या रूपात कुठं दिसत नाही. त्याच्या जागी झाड आहे. झाडाखाली आसन, वर छत्र, भोवती कठडा, फांद्यांना माळा. झाडाला मधोमध ठेवून भोवती इमारत बांधायची, तिला बोधिघर म्हणत. पूर्वेच्या तोरणावर सम्राट अशोक बोधिवृक्षाच्या भेटीला आलेला आहे. बौद्ध कथेत हे झाड एकदा सुकतंही. राणी तिष्यरक्षिता मत्सरानं त्याच्यावर चेटूक करवते, झाड वाळायला लागतं आणि अशोक कोसळतो. मग मुळाशी खणून रोज हजार घागरी दूध घालतात, तेव्हा त्याला पुन्हा पालवी येते. चक्रवर्ती राजाला पाणक्या करणारं हे दैवत! त्याच झाडाची फांदी संघमित्रेनं इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात श्रीलंकेत अनुराधपुरला नेली आणि तिथं ती अजून उभी आहे. इतकी शतकं भिक्षूंच्या पिढ्या तिची राखण करत आल्या. तिची पडू पाहणारी फांदी आता धातूच्या खांबांवर तोललेली असते. तुळशीचा ओटा त्या बोधिघरातून आला असं मला म्हणायचं नाही. पण झाडाला जोतं बांधून त्याच्यापुढं दिवा लावणारा हात या मुलखात फार जुना आहे.

आता आमच्या वृंदावनाकडे जरा जवळून बघू. कमरेएवढं. खाली काळ्या पाषाणाचं जोतं, वर चुन्यात बांधलेल्या विटा, मधे निमुळतं होऊन माथ्याशी पुन्हा रुंदावलेलं. चारी बाजूंना उठावाचं काम : एकीकडे कमळ, एकीकडे हत्ती, एकीकडे काय होतं ते कुणालाच कळायचं नाही, कारण दर दिवाळीला त्याच्यावर गेरूचा नवा हात फिरायचा. लहानपणी मी नखानं पापुद्रे काढून थर मोजायचा प्रयत्न केला होता. अकरापर्यंत गेलो, मग पाठीत धपाटा बसला. पूर्वेच्या अंगाला दिव्याचा कोनाडा, आतून तेलकट काळा, आणि त्याच्या तोंडाशी तीळभर जागा राखून मुंग्यांची रांग. वर तुळस लावायची जागा वीतभर रुंद, पण हात घातला तर कोपरापर्यंत आत जायचा. खाली पाणी निथळायला जोत्यात बोट जाईल एवढं भोक. ते भोक म्हणजे सगळ्या बांधकामाचा प्राण. जुन्या गवंड्यांना ते माहीत होतं.

धाब्याच्या मातीच्या घरांत एवढा थाट नसायचा. चिखलाचा ओटा, त्यावर पांढऱ्या मातीचा हात, शेणाचं सारवण. पावसाळ्यात तो ढासळायचा आणि नवरात्राच्या आधी पुन्हा बांधला जायचा. आता रस्त्याकडेला सिमेंटची साच्यातली वृंदावनं मिळतात, सोनेरी रंग दिलेली, चारी बाजूंना एकसारखा गणपती. (तुळस गणपतीला वर्षातली एक, भाद्रपदातली चतुर्थी सोडली तर चालत नाही. आमच्या राजूरच्या गणपतीपुढं दुर्वांचे ढीग असतात, तुळस नाही. साचा बनवणाऱ्याला हे कुणी सांगितलेलं नसावं.) या सिमेंटच्या वृंदावनांत ते भोक बहुधा नसतं, असलंच तर रंगानं बुजलेलं. तुळस मेली की लोक म्हणतात, घराला दृष्ट लागली. मुळं कुजलेली असतात.

तुळस पाण्यावाचून जेवढी मरते, तेवढीच पाण्यानंही मरते. आमच्याकडची काळी माती कापसाला सोनं, पण तुळशीला विष. पावसात चिकट गोळा होते, उन्हात भेगाळते, दोन्ही वेळा मुळं गुदमरतात. निम्मी काळी, बाकी नदीची वाळू आणि कुजलेलं शेणखत, हे आजीचं माप. मंजिऱ्या वेळच्या वेळी खुडायच्या, कारण बी धरायला लागलं की झाडाचा जीव पानांतून निघून बियांत जातो. खुडताना रविवार आणि द्वादशी वर्ज्य, संध्याकाळनंतर हात लावायचा नाही. त्यामुळे झाडालाही सुट्टी मिळायची, असं आता वाटतं.

खोडाला बोटांनी फिरवून बघा, ते गोल नसतं, चौकोनी असतं. पुदिन्याच्या कुळाची ती खूण. हिरवी ती रामतुळस, जांभळट ती कृष्णतुळस, आणि झाडाचं शास्त्रीय नाव दोन्हींचं एकच. लिनियसनं ते दोनदा ठेवलं. १७५३ साली ‘ऑसिमम टेन्यूफ्लोरम’, म्हणजे बारीक फुलांचं, आणि १७६७ साली ‘ऑसिमम सँक्टम’, म्हणजे पवित्र. वनस्पतिशास्त्राच्या नियमाप्रमाणे आधीचं नाव खरं धरतात, म्हणून शास्त्रात आज तुळस नुसती बारीक फुलांची आहे. वासात लवंगेची झाक येते ती युजेनॉलमुळे; लवंगेतही तोच असतो.

आणि आता ती मोबाइलवर फिरणारी गोष्ट. तुळस म्हणे चोवीस तास ऑक्सिजन सोडते, रात्रीसुद्धा. काही जणांच्या मते तर ओझोनही. यात काही तथ्य नाही. प्रकाश नसताना तीही इतर झाडांसारखीच श्वास घेते आणि कार्बन डायऑक्साइड सोडते. हजारो वर्षं जिला लोकांनी कारण न विचारता पाणी घातलं, तिला आता ऑक्सिजनचं प्रमाणपत्र कशाला लागावं? डासांची गोष्ट त्याहून बरी, निदान तिला पत्ता तरी आहे. बेळगावात जन्मलेले सर जॉर्ज बर्डवुड यांनी १९०३ साली लंडनच्या ‘टाइम्स’ला पत्र लिहिलं. मुंबईत व्हिक्टोरिया गार्डन, म्हणजे आजची राणीची बाग, तयार होत असताना माणसांना डासांनी हैराण केलं. तिथल्या हिंदू कारभाऱ्यांच्या सल्ल्यानं हद्दीला सगळीकडे तुळस लावली आणि त्रास कमी झाला, असं त्यांनी सांगितलं. तुळशीच्या तेलानं डास दूर राहतात हे प्रयोगांतही दिसलं आहे. पण ती होती बागेची अख्खी हद्द. बाल्कनीतल्या एका कुंडीच्या भरवशावर मच्छरदाणी काढू नये.

कार्तिकातच लग्न का, याला शास्त्राचं उत्तर ठरलेलं आहे. आषाढी एकादशीला निजलेले विष्णू कार्तिकी एकादशीला उठतात, चातुर्मास संपतो, द्वादशीपासून पौर्णिमेपर्यंत तुळशीची लग्नं आणि मग माणसांची. झाडाचं उत्तर निराळं आहे. पावसाळाभर वाढलेली तुळस याच सुमाराला मंजिऱ्यांनी लगडते. तिच्या आयुष्यातला भरातला महिना हाच. पुढं थंडी पडते, पानं गळतात, पौष-माघापर्यंत काटक्या राहतात. म्हणजे नवरी नटते ती उतरणीला लागायच्या तोंडावर. वाळलेलं झाड उकिरड्यावर टाकत नाहीत. जाड काटक्या माळेच्या मण्यांना, उरलेल्या नदीला किंवा चितेवर. आणि पहिल्या पावसानंतर वृंदावनाच्या जोत्याशी, फरशीच्या फटींत, मोरीपाशी, जिथं मंजिऱ्या झडल्या असतील तिथं मोहरीएवढ्या पानांची रोपं. जालना हे बियाण्यांचं गाव आहे. १९६४ साली बद्रीनारायण बारवाल्यांनी इथं महिको सुरू केली, आणि आज शहराबाहेर पडावं तिकडे बियाणे कंपन्यांच्या पाट्या दिसतात. तुळशीचं बी मात्र आमच्या घरात कधी विकत आलं नाही.

आता पाण्याचं. मराठवाड्यात वृंदावनाची गोष्ट पाण्यावाचून सांगताच येत नाही. आजी १९७२च्या दुष्काळाचं सांगायची : मिलोच्या लाल भाकरी, खडी फोडायला गेलेली माणसं, तळाशी उतरून वाटीनं उपसलेली विहीर. त्या वर्षी वाड्यातल्या दोन गायी विकल्या. तुळस जगली. मी स्वतः बघितला तो २०१३चा उन्हाळा. जिल्ह्यातल्या मोसंबीच्या बागा उभ्या वाळल्या, लोकांनी बुंध्याशी कुऱ्हाडी घातल्या. आमच्या गल्लीत टँकर यायचा तेव्हा पिंप, बादल्या, घागरी, तेलाचे डबे रांगेत. माणसं डब्यांच्या मागं आपापली सावली शोधत. आजी तेव्हा ऐंशीच्या पुढं होती. पाणी घरात आलं की ती आधी पितळी तांब्या बुडवून अंगणात जायची. एकदा मी वैतागून बोललो, “आजी, प्यायला नाही आणि तू झाडाला काय घालायलीस?”

ती थांबली नाही. पाणी ओतता ओतताच म्हणाली, “पहिला तांब्या तिचा. ती बोलून मागत नाही ना.”

तो तांब्या मी मापून बघितला होता. पाऊण लिटर. भांडी घासलेलं पाणी तिला चालत नव्हतं, त्यात खरकटं असतं म्हणून. पण तांदूळ धुतलेलं चालायचं, देवाच्या अभिषेकाचं चालायचं, आणि त्या उन्हाळ्यात तिनं स्वतःच्या आंघोळीतला एक तांब्या कमी केला. ओतायची तऱ्हाही ठरलेली. धार एकदम नाही. तांब्याच्या काठावर बोट आडवं धरून, बुंध्याभोवती गोल फिरवत, माती पीत जाईल तसं. वर एक ओंजळ पानांवर. मग ओला हात डोळ्यांना.

त्याच वर्षी शेगावच्या गजानन महाराजांची पालखी परतीच्या वाटेवर आमच्याकडून गेली. पंढरपूरहून बीड, गेवराई करत ती शहागडला गोदावरी ओलांडून जिल्ह्यात येते, मग अंबड, जालना आणि पुढं सिंदखेडराजा. वारीत बायका डोक्यावर पितळी वृंदावन घेऊन चालतात, त्यात खरी तुळस लावलेली. शेकडो कोस डोक्यावर मातीसकट झाड. मी एका माउलींना विचारलं, ही वाळत नाही का? त्यांनी वृंदावन खाली न ठेवता, एका हातानं सांभाळत, दुसऱ्या हातानं झोळीतली प्लास्टिकची बाटली काढून दाखवली. अर्धी भरलेली. “ही हिची,” म्हणाल्या. त्यांची स्वतःची बाटली रिकामी होती, ती आम्ही भरून दिली.

आजी २०१६ साली गेली. तोंडात तुळशीचं पान ठेवलं, ते अर्थात त्याच वृंदावनावरचं. पुढच्या तीन वर्षांत वाड्यातल्या भावकीचं एकमत झालं आणि वाडा पडला. त्या जागी पाच मजली इमारत आली. वृंदावन मात्र तोडायचं नाही असं सगळ्यांनीच धरलं, मग ते दगड-दगड उतरवून पार्किंगमध्ये, विजेच्या मीटरांच्या पेटीशेजारी पुन्हा रचलं. तिथं ऊन येत नाही. पहिल्या वर्षात तीन तुळशी मेल्या. मग एकानं तिथं प्लास्टिकची लावली, हिरवीगार, बुंध्याशी दिव्यांची माळ असलेली. ती दोन वर्षं झाली तशीच आहे, तिच्यावर धूळ बसली की वॉचमन फडक्यानं पुसतो.

खरी तुळस आमच्या आईनं गच्चीवर नेली, प्लास्टिकच्या डब्याच्या कुंडीत. ऊन भरपूर, टाकीचा पाइप गळतो तिथंच जवळ. नळ आठ-दहा दिवसांनी आला तरी तिचं भागतं.

गेल्या कार्तिकात लग्न कुठं लावायचं यावर सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दोन दिवस चर्चा झाली. गच्चीवर म्हाताऱ्यांना येववत नाही, खाली नवरी प्लास्टिकची. शेवटी ठरलं की लग्न जुन्या वृंदावनापाशीच लागेल आणि नवरी वरून येईल. सात वाजता आई कुंडीला हिरवी चोळी आणि काळी पोत घालून लिफ्टमध्ये घेऊन उभी राहिली. चौथ्या मजल्यावर जोशी काकू चढल्या, दुसऱ्यावर पिझ्झा घेऊन आलेला मुलगा; त्यानं कुंडी बघून चपला काढू का विचारलं. खाली मंगलाष्टकं मोबाइलवर लावली होती. ‘सावधान’ला सगळ्यांनी एकदम अक्षता टाकल्या, त्यांतल्या बऱ्याच शेजारच्या स्कूटरवर पडल्या.

परत वर नेताना लिफ्टच्या दारात कुंडी अडकली आणि दोन मंजिऱ्या तुटून खाली पडल्या. आईनं वाकून त्या उचलल्या, चुरून तळहातावर फुंकर मारली, कोंडा उडवला, आणि उरलेलं चिमूटभर काळं बी पदराच्या टोकाला गाठ मारून बांधलं. “आषाढात लावू,” म्हणाली, आणि पाचव्या मजल्याचं बटण दाबलं.